पयला झरा कुनाचा वं?

मु. जांभुळधरा, मंडल बाजारहत्नूर
जिल्हा आदिलाबाद
१८ नोव्हेंबर १९९०

गायक दौलतराव मुनेश्वर यायले, जांभुळधऱ्याहून पंचफुलाबाई भिवाजी कावळे हिचा जयभीम.

तुमचा पत्ता कॅसेटीच्या डब्बीवरून घेतला. डब्बीवर तुमचा फोटो हाय, कोटातला. आवाज चांगला हाय तुमचा, खोटं काऊन बोलू? पन माझं तुमच्यासंग भांडन हाय, ते आदी आयकून घ्या.

मी कोन ते सांगतो. वय बावन्न, चौथी पास, कापूस वेचनारी बाई. पोरगा किनवटले मास्तर हाय. हे पत्र मी माझ्या हातानं लिवून राह्यली, पोराकडून लिवून नाई घेतलं. तवा अक्षराले हसू नोका.

'इहीर आमची वं' हे गानं तुमी कॅसेटीत म्हटलं. ते आमच्या बुद्धवाड्यातल्या बायकायचं गानं हाय. कापूस वेचाले उतरलो का एकेक बाई आपली पात धरते, म्हंजे आपली ओळ. एका पातीवरून दुसऱ्या पातीवर हे गानं चालते. सगळ्या जनी विचारतात, 'सब्बल कुनाची वं?' सब्बल म्हंजे पहार. मंग जिची तिनंच जबाब द्याचा. मी म्हनतो, 'सब्बल पंचीची वं.' मंग सगळ्या मिळून, 'उभ्यानं पानी काढू, इहीर आमची वं.' मंग टोपलं कुनाचं, दोर कुनाचा. ज्या बायकायनं ती इहीर खंदली त्यायचंच नाव त्याच्यात हाय, दुसऱ्या कोनाचं नाई.

आता तुमी काय केलं? सगळ्यायच्या शेवटी आपल्या मनानं घातलं, 'गानं कुनाचं वं? गानं दौलतचं वं.' वा रे वा! इहीर खंदताना तुमी कुठं होते महाराज? शाळेत पाढे म्हनत असान.

तुमच्यामांगून नागपूरची एक पार्टी आली, बँडबाज्यावाली. त्यायनं बायकायचे नाव काढून वर्गनीवाल्यायचे नाव घातले. 'टोपलं कुनाचं, टोपलं शेठजीचं.' त्या शेठजीनं जलमात टोपलं उचललं असन तर मी मिशा लावतो. अन् अवंदा नांदेडच्या लक्ष्मीबाईची कॅसेट आली. बाई गोड गाते, नावं बी खरे ठेवले. चक्कीवर दिवसभर तेच चालू राह्यते. दळन दळनारा पांडुरंग तर माझं पीठ फुकट चाळून देते, म्हनते तुमी मोठ्या मानूस झाल्या.

पन तिघायच्याबी कॅसेटीत एक सवाल नाई. बायकायचे सहाच सवाल हायेत. इहीर सात जनींनी खंदली. तुमी पयले गायले, बाकीच्यायनं तुमचंच आयकून घेतलं. म्हनून तुमाले विचारतो. सातवं नाव कुठं घातलं तुमी?

जबाब द्याचा.

पंचफुलाबाई


उटनूर
२ डिसेंबर १९९०

आदरणीय पंचफुलाबाई यांस,

सविनय जयभीम. आपले पत्र मिळाले. इतक्या लांबून एक श्रोता भगिनी पत्र लिहिते हेच आम्हा कलाकारांचे खरे बक्षीस. शाळेतल्या सहकाऱ्यांनाही वाचून दाखवले, सर्वांना आनंद झाला.

आपल्या तक्रारीविषयी नम्रपणे सांगतो. हे लोकगीत आहे, आणि लोकगीत म्हणजे वाहता ओढा, त्याचा मालक कोण? शेवटी गाणाऱ्याने आपले नाव घालायचे ही आमच्या गायनपार्टीतली जुनी रीत आहे. माझे गुरू घालत, मी घातले. त्यात गर्व नाही. नाव नसले तर पुढच्या जयंतीला सुपारी दुसऱ्यालाच जाते.

तरीही आपली भावना मी समजलो. आपले नाव कॅसेटच्या डबीवर यावे असे आपल्याला वाटणे स्वाभाविक आहे. नवी आवृत्ती निघेल तेव्हा 'पारंपरिक' या शब्दाखाली बारीक अक्षरात आपले नाव टाकण्याची दरखास्त मी कंपनीकडे करीन. मंजूर होईल अशी आशा आहे.

सोबत पार्सलने एक साडी आणि झंपरचे कापड पाठवतो. माझ्या पत्नीने निवडले आहे. एका भावाची भेट समजून स्वीकारावी.

आपला
दौलत मुनेश्वर
गायक व प्राथमिक शिक्षक


जांभुळधरा
१२ डिसेंबर १९९०

दौलतराव, जयभीम.

साडी परत पाठवली. पोस्टातली पावती संग जोडली हाय. तुमच्या बायकोची पसंती झकास हाय, तिले सांगजा. रंग मले शोभला असता. पन भांडन चालू असताना मी कोनाचं लुगडं अंगाले लावत नाई.

तुमी शिकलेसवरले मास्तर, अन् पत्र वाचता येत नाई तुमाले? माझं नाव पायजे असं मी कुठं लिवलं? माझं नाव तर पयलंच हाय गान्यात, सब्बल पंचीची. ते नागपूरवाले सोडले तर सगळ्यायच्या तोंडून आयकलं मी. आपलं नाव मशिनीतून आयकाले येते तवा लय बरं वाटते, नाई कशाले म्हनू? पयल्या दिवशी तर मी चक्कीवर पिठाचा डब्बा तसाच ठेवून घरी आली. पन मी माझ्यासाठी नाई लिवत.

अन् ओढा म्हनता? ओढा नाई जी, इहीर हाय ती. ओढा आपोआप वाहते. इहीर खंदा लागते.

आता आयका. त्र्याहत्तरचा उन्हाळा. तवा गावात एकच इहीर, पाटलाच्या आळीत. आमी आपले गुंड, म्हंजे पान्याचे हंडे, घेऊन जावं अन् ओट्याच्या खालतं बसावं. बसावं म्हंजे बसावंच, उभं राहाचं नाई. त्यायच्यातल्या कोन्या बाईच्या मनात आलं तर ती वरून आमच्या गुंडात पानी ओतन. मनात नाई आलं तर नाई. एक दिवस मी सकाळपासून बसली. बाया आल्या, गेल्या, हासल्या, आपसात बोलल्या. सूर्य डोक्यावर आला तवा मी रिकामा गुंड घेऊन उठली. वाड्यात आली अन् म्हटलं, 'पोरींनो, मी आजपासून पान्यासाठी बसनार नाई.'

मानसं म्हनाले, बायकायच्यानं इहीर होत नसते, खड्डा होईन तो. सात जनी निघालो. सब्बल माझी. टोपलं बयनाचं. दोर द्वारकेचा, तिच्या माहेरचा, म्हशीचा. असं एकेकीचं एकेक. दिवसा मजुरी, अन् दुपारच्या सुट्टीत, सांजच्याला, जसं जमन तसं खंदत गेलो. एकेचाळीस दिवस. सतरा हात गेलो तरी कोरडं. मानसं हासून राह्यले. बयना म्हने, आता बस कराव. अठराव्या हाताले आमी वर येऊन भाकर सोडली अन् एक जनी खालतंच राह्यली. माझीच सब्बल घेऊन मारत बसली. अन् खालून आवाज आला, 'अगं मायवं, पाय ओला झाला!'

ते म्हंजे चंपी. माझी धाकटी जाऊ, चंपाबाई चंपत कावळे. भिंतीले भिंत लागून घर हाय आमचं, इहिरीच्या जवळच. पानी तिच्या पायाले लागलं. म्हनून गान्याचा शेवटचा सवाल तिचा हाय. 'पयला झरा कुनाचा वं? झरा चंपीचा वं.' गानं रचलं तेबी अर्ध तिनंच, तिले जमते तसं. मी नुसती आवाजानं मोठी.

अन् तोच सवाल तुमच्या कॅसेटीत नाई. मांगच्या महिन्यात चक्कीवर लक्ष्मीबाईची कॅसेट चालू होती. चंपी दळन घ्याले उभी होती. कॅसेट संपली तवा ती एवढंच म्हनाली, 'सात जनींनी खंदली, सहा जनींची झाली.' कोनाले म्हनाली ते जाऊ द्या. मी तिथंच होती, माझ्या कानात ते बसलं हाय.

आमच्या पातीचा एक कायदा हाय. जी हजर हाय तिनं आपलं नाव आपन घ्याचं. जी हजर नाई, दुखनाईत हाय, बाळंतीन हाय, मेली हाय, तिचं नाव तिच्या बाजूच्या पातीवालीनं घ्याचं. नाव सोडाचं नाई. आमची सगुना मरून सात वर्षं झाले, अजून तिच्या घमेल्याचं नाव बयना घेते. अन् तुमी जित्या बाईचं नाव खाल्लं.

ते परत कसं देता ते सांगा.

पंचफुलाबाई


उटनूर
१ जानेवारी १९९१

पंचफुलाबाई, जयभीम.

साडी परत आली तेव्हा राग आला होता, खोटे बोलत नाही. मग पत्र वाचले, मग पुन्हा वाचले. बायको म्हणाली, 'बरं झालं, कुणीतरी तुमचा कान धरला.' तिने ती साडी पेटीत वेगळी ठेवली आहे, भांडण मिटेपर्यंत.

'गानं दौलतचं' ही ओळ मी यापुढे गाणार नाही. परवा इंद्रवेल्लीच्या कार्यक्रमात गायलो नाही. तोंडाला इतकी सवय झालेली, की त्या जागी येऊन अडखळलो आणि पेटीवाला माझ्याकडे बघत राहिला. पण गायलो नाही.

आता दुसरी गोष्ट. ती कशी लिहावी हे चार दिवस कळत नव्हते.

हे गाणे मी ऐकले ते तुमच्याच तोंडून. तुम्हाला आठवत नसेल, मी तेव्हा नवा मास्तर होतो. जांभुळधऱ्याची जयंती, १४ एप्रिल १९७९, दुपारचा कार्यक्रम. मंडपात तुम्ही तिसऱ्या गाण्याला उभ्या राहिलात. मला चांगले गाणे ऐकले की उतरवून घ्यायची खोड आहे. ती निळ्या पुठ्ठ्याची वही मी पत्र्याच्या पेटीतून शोधून काढली. कसरीने कडा खाल्ल्यात, पण अक्षर शाबूत आहे.

त्यात सहाच सवाल आहेत, बाई. सहाच नावे. सहाव्या नावाखाली माझ्याच हस्ताक्षरात लिहिले आहे, 'येथे बाई थांबल्या. बायका पुढचे विचारतील म्हणून मी पेन धरून होतो. कोणी विचारले नाही. बाई खाली बसल्या.'

मी नाव खाल्ले नाही. मी जे ऐकले तेच लिहिले. हे तुम्हाला खोटे पाडायला सांगत नाही. मला माहीत नसलेले काहीतरी तुम्हाला माहीत असेल.

दौलत


उटनूर
२७ जानेवारी १९९१

पंचफुलाबाई, जयभीम.

उत्तर नाही म्हणून लिहितो. डाकेत गहाळ झाले का रागावलात? रागावला असाल तर शिव्या घालणारे पत्र तरी पाठवा, त्याची सवय झाली आहे.

बाबासाहेबांची शंभरावी जयंती एप्रिलात आहे. कंपनीला नवी कॅसेट हवी. 'इहीर आमची' पुन्हा घ्या म्हणतात. मी सातवे नाव घालायला तयार आहे. पण तुम्ही सांगितल्याशिवाय घालणार नाही.

दौलत


जांभुळधरा
१० फेब्रुवारी १९९१

दौलतराव, जयभीम.

पत्र मिळाले, दोन्ही. डाकेचा काई दोष नाई. तीनदा लिवाले बसली अन् तीनदा फाडलं.

तुमची वही खरी हाय. नाव मीच खाल्लं.

अठ्ठ्याहत्तरच्या उन्हाळ्यात पाटलाच्या आळीतली इहीर आटली. आमची भरून होती. त्यायचे मानसं बंडीवर टाक्या बांधून ओढ्यावर जात. एक दिवस भर दुपारी, मी वावरात होती, पाटलीन रेनुकाबाई आमच्या इहिरीवर आली. पदराखाली गुंड लपवून. तिची सून बाळंतीन होती घरात, पान्याचा थेंब नव्हता. ती आली अन् आपल्या इहिरीच्या खालतं बसली. बसलीच, जी! तिले वाटलं असन का इथं बी तीच रीत हाय. चंपी इहिरीवर होती. तिनं काय करावं? बादली अन् दोर तिच्या हातात देला अन् म्हनाली, 'उठा बाई. इथं कोनी बसत नाई. उभ्यानं काढा.'

सांजच्याला मले कळलं. माझ्या अंगाची आग झाली. मी चंपीले वाड्यापुढं सगळ्यायच्या देखत बोलली. म्हटलं, ज्या बाईनं मले अर्धा दिवस मातीत बसवलं तिले तू बादली देली? निदान बसवाचं तरी होतं. थोडं तरी बसवाचं होतं! चंपी म्हनाली, 'पंचाबाई, मंग आपली इहीर अन् त्यायची इहीर, फरक काय राह्यला?' लहान जाऊ मोठीले असं बोलते? मी म्हटलं, आजपासून तू मले मेली. तिनं बी मान फिरवली. तीबी कावळ्याच्याच घरची सून हाय.

पुढच्या वर्षी जयंतीत मी गायाले उभी राह्यली. पयलेच बाकीच्या बायकायले दटावून ठेवलं होतं का सातवा सवाल कोनी विचाराचा नाई. चंपी मंडपात समोर बसली होती, लेकरू मांडीवर. सहावं नाव झालं. ती वर पाहून राह्यली होती, आपली पाळी आली म्हनून. तोंड उघडलं होतं तिनं. अन् मी खाली बसली.

तुमी ते लिवून घेतलं. मले काय मालूम का एक मास्तर पेन धरून बसला हाय अन् माझा राग नागपूर-नांदेडपर्यंत जाईन.

मेलेल्या बाईचं नाव आमी सोडत नाई, अन् मी जित्या जावेचं सोडलं. बारा वर्षं झाले. पातीवर बी तवापासून सहाच नावं चालतात. भिंतीपलीकडं ती खोकलली का मले आयकाले येते, माझ्या पाट्यावर वाटन वाटलं का तिले आयकाले येते, बोलनं नाई. तुमच्यावर बोट दाखवनं सोपं पडलं म्हनून ते पत्र लिवलं. मले वाटलं, गायकायनं खाल्लं असं म्हटलं का माझं झाकून जाईन. तुमी वही काढली.

अन् दुसरंबी सांगून टाकतो. रेनुकाबाईची तवाची तान्ही नात आता बारा वर्षांची हाय, बाजारहत्नूरच्या शाळेत जाते. आमच्याच पान्यावर वाचली ते गावात सगळे म्हनतात. त्यायनं आमाले कदी पानी देलं नाई, अन् आमी त्यायले देलं. चक्कीवर उभी असताना एकदम ध्यानात आलं का ह्याच्यापेक्षा ताठ मान कोनाची असन? अन् ती ताठ मान चंपीनं करून ठेवली, मी नाई. मी नुसती रागात राह्यली अन् त्यालेच मान समजली.

माफी मांगाले मले येत नाई. खरंच येत नाई, तोंडातून निघत नाई. पन नाव घेता येते. म्हनून तुमी असं करा. तुमी गाऊ नोका. तुमची मशीन घेऊन इथं या. गानं आमी म्हनतो, इहिरीवर. तुमी फक्त भरून घ्या. बयनाच्या हातून मी चंपीले निरोप धाडला. ती म्हनाली, 'मले नाव नाई पायजे. पानी रोज पेतो, तेवढं पुरे.' म्हंजे ती येनार नाई. नाई आली तर नाई. कायदा तर हाय.

अन् येताना सकाळीच या. शेवटची वेचनी चालू हाय. आमच्या वावरात एक पात वेचल्याशिवाय मी कोनाले इहिरीवर गाऊ-भरू देनार नाई. मास्तर असान तुमच्या घरी.

पंचफुला


उटनूर
२० मार्च १९९१

पंचफुलाबाई, जयभीम.

सुखरूप पोचलो. बोटांवर कापसाच्या बोंडांचे ओरखडे अजून आहेत, खडू धरताना चुरचुरते. पोरांना सांगितले, मास्तरांनी पात धरली होती. माझ्या ओटीतल्या कापसाकडे बघून द्वारकाबाई जे म्हणाल्या, 'ह्याच्यात कापूस कमी अन् पालाच जास्ती', ते मात्र सांगितले नाही.

आता मुद्द्याचे. त्या दिवशी मी मशीनकडे बघत होतो, काटा हलतो का नाही ते. म्हणून नीट ऐकले नव्हते. परवा रविवारी दार लावून टेप लावली.

सहावे नाव होते. मग बायका विचारतात, 'पयला झरा कुनाचा वं?' आणि मग टेपमध्ये बराच वेळ फक्त रहाटाची कुरकुर आहे. मला आठवते, मी घाबरून बॅटरी बघितली होती. मग तुमचा आवाज येतो, 'झरा चंपीचा वं.' जरा फाटलेला आहे. तुमचा आवाज मी तसा कधी ऐकला नव्हता. मग सगळ्यांची झील, 'उभ्यानं पानी काढू, इहीर आमची वं.'

त्या झिलीत एक आवाज जास्त आहे.

पाच बाया होत्या माझ्यासमोर, मी मोजलेल्या. सगुणाबाई हयात नाहीत, चंपाबाई आल्या नव्हत्या. पण टेपमध्ये लांबून, भिंतीआडून आल्यासारखा, एक सहावा आवाज येतो. बाकीच्यांच्या अर्धी मात्रा मागे. बारीक, चढा, आणि सुरात अगदी पक्का. पहिल्या शब्दाला नाही, 'इहीर' या शब्दाला तो येतो आणि शेवटपर्यंत राहतो. मी चौदा वेळा मागे फिरवून ऐकले. बायको स्वयंपाकघरातून आली, उभ्याउभ्या ऐकले आणि डोळ्याला पदर लावला. तिला तुमची सगळी पत्रे मी वाचून दाखवली आहेत, क्षमा करा.

कंपनीच्या माणसाला टेप ऐकवली. तो म्हणाला, 'मागे कोणीतरी बाई बोलतेय, आवाज गेलाय त्यात, तेवढे काढून टाकू, साफ करू.' मी म्हणालो, त्या आवाजाला हात लावलास तर गाणेच देणार नाही. मी आजवर कंपनीसमोर असा कधी बोललो नव्हतो. तो मग म्हणाला, बरं, राहू दे.

डबीवर माझा फोटो नसेल. गायिका म्हणून सात नावे असतील. अक्षर बारीक नाही, मोठे. सगुणाबाईंचेही घातले आहे.

मला एवढेच सांगा, तो आवाज तुम्ही तेव्हा ऐकला होता का?

आपला भाऊ
दौलत


जांभुळधरा
४ एप्रिल १९९१

दौलतभाऊ, जयभीम.

कॅसेट पोचली. चक्कीवर लावली. पांडुरंगानं चक्की बंद केली, म्हनाला घरघरीत आयकू येनार नाई. अर्धा गाव उभा होता, इकडचा बी अन् तिकडचा बी. डब्बीवरचे सात नाव माझ्या पोरानं मोठ्यानं वाचले. सगुनाचं नाव आलं तवा तिच्या म्हाताऱ्यानं खाली मान घालून डब्बी मांगून घेतली अन् दिलीच नाई परत. राहू दे त्याच्यापाशी, दुसरी धाडजा.

तुमी विचारलं, आवाज आयकला होता का. आयकला. मी डोळे मिटून होती, पन चंपीचा आवाज मले कळनार नाई? बारा वर्षं खोकला आयकला तिचा.

तुमची बस गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी मी पान्याले गेली तर ती इहिरीवर उभी. दोर तिच्या हातात. मी म्हटलं आता काय बोलावं? तर तीच बोलली. बारा वर्षांनी पयला शब्द काय बोलली सांगू? 'झरा वरतं घ्या लागते, पंचाबाई. तू खालतं घेतला.' माझ्या सुरातली चूक काढली तिनं! मी म्हटलं, 'मंग तू यायचं होतं इहिरीवर, घरात बसून काऊन गात होती?' ती म्हनाली, 'मले नाव घ्याचं नव्हतं, तू घेते का ते पाहाचं होतं.' मंग तिनं बादली माझ्या हातात देली. मी पानी काढलं अन् तिच्या गुंडात ओतलं. माफी मांगितली नाई मी. पन पानी लय सांडलं, ते तिनं पाह्यलं असन.

आता चंपीचा उपद्व्याप आयका. तिनं गान्यात आठवा सवाल घातला. पुढच्या कॅसेटीसाठी लिवून घ्या, निळ्या वहीत. ती सांगून राह्यली, मी लिवतो:

'बादली कुनाची वं? येईन त्याची वं.
उभ्यानं पानी काढा, इहीर आमची वं.'

'काढू' नाई, 'काढा' लिवजा. ती मांगं उभी राहून माझं अक्षर तपासून राह्यली हाय. मले ते 'येईन त्याची' अजून पुरतं पटलं नाई, तुमाले सांगून ठेवतो. रेनुकाबाई दिसली का माझ्या कपाळाची शीर अजून उडते. पन काल पातीवर मीच ते सगळ्यायच्या आदी म्हटलं, अन् आवाज वरतं घेतला.

चौदा तारखेले तुमी अन् तुमची बायको दोघं या. साडी घेऊन या, भांडन मिटलं. फक्त एक करा. साड्या दोन आना, एकाच रंगाच्या, नाईतर इथं नवीन भांडन लागन. अन् यापुढं पत्रावर दोघीचं नाव टाकजा. डाकवाल्याले पयलं चंपीचंच घर लागते, अन् ती म्हनते, माझं नाव नसन तर मी पत्र पुढं देनार नाई.

पंचफुलाबाई अन् चंपाबाई कावळे